जाण्या-येण्याचा हक्क

"सिंहासनं राहिली की हो अजून," आदगोंडामामा म्हणाले.

वडगावच्या त्या गोदामात सकाळपासून वाटणी चालली होती. लोखंडी पाइप झाले, गाद्या झाल्या, आचाऱ्यांची पातेली झाली, झालरी हातांनी मापून झाल्या. आता नवरा-नवरीची सिंहासनं तेवढी मधोमध उभी होती. लाल मखमल, सोनेरी पत्रा, हात टेकायच्या जागी सिंहाची तोंडं. आसपासच्या गावांतली निम्मी जोडपी त्यांच्यावर बसून संसाराला लागलेली.

"जोडी आहे ती," मी म्हणालो. "कुणा एकाकडं राहू दे. दुसऱ्याला त्या बदल्यात काहीतरी..."

"बदल्यात न्हाई." मामांनी हात वर केला. "बदल्यात म्हटलं की भांडान आलं. एक ह्याला, एक त्याला."

"अहो, पण एका सिंहासनावर लग्न कसं लागणार?"

"लगीन लावायचं काम आपलं न्हवं, दाजी. आपण वाटणीला बसलोय."

नवऱ्याचं सिंहासन भूपालदादांकडे गेलं, नवरीचं सुकुमारआण्णांकडे. दोघांच्याही चेहऱ्यावर न्याय मिळाल्याचं समाधान होतं.

मी या मगदुमांच्या घरचा जावई. तेव्हा सांगलीच्या एका कॉलेजात राज्यशास्त्र शिकवत असे. भूपाल आणि सुकुमार हे माझे मेहुणे, वडिलांच्या मागे मंडपाचा धंदा एकत्र करायचे. थोरल्याला कापडी चुण्यांचा मंडप प्रिय, धाकट्याला रंगीत दिव्यांच्या भिंती हव्या होत्या. एवढ्यावरून सुरू झालेलं भांडण अखेर दोन चुलींवर आलं. पंच दोन नेमले गेले. एक त्यांचे सख्खे मामा आदगोंडा पाटील, ज्यांनी तालुक्यातली कित्येक एकत्र कुटुंबं यशस्वीपणे फोडली होती. दुसरा मी. जावयाला कुणी तोंडावर शिव्या देत नाही, आणि त्याचं कुणी ऐकतही नाही. पंचाला दोन्ही गुण लागतात.

निघताना माझी बायको त्रिशला म्हणाली होती, "कुणाची बाजू घेऊ नका. आणि मोठ्या वहिनी सांगतील तसं करा." या दोन वाक्यांत विरोध आहे हे तिच्या लक्षात आलं नसावं, असं मला तेव्हा वाटलं.

सिंहासनं हलल्यावर भूपालदादांनी घसा साफ केला. ते बोलले मामांशी, पण आवाज भावापर्यंत जाईल असा लावला.

"मामा, एक सांगून ठेवतो. सुकुमार नव्या घरात गेला की ह्या घरचं माणूस त्या घरात जाणार नाही, त्या घरचं ह्या घरात येणार नाही. घोटभर पाणीसुद्धा प्यायचं नाही. जाणं-येणं बंद."

"बायकांचंही?" मी विचारलं.

"माणूस म्हटलं की बायका आल्याच."

एरवी हा नियम त्यांनी पाळलेला मला आठवत नाही.

मोठ्या वहिनी चहाचा ट्रे घेऊन दारातच उभ्या होत्या. रत्नप्रभावहिनी, भूपालदादांच्या पत्नी. बी.कॉम. झालेल्या, लग्न होऊन आल्यापासून धंद्याचे सगळे हिशेब त्यांच्याकडे. त्या गप्प बसल्या की विक्रीकर खात्याची माणसंही सावध होत. त्यांनी ट्रे पिंपावर ठेवला, नवऱ्याकडे एकदा नीट बघितलं, आणि काही न बोलता आत गेल्या. दादांना वाटलं, ऐकून घेतलं. मलाही तसंच वाटलं.

जेवणं झाल्यावर मामा दोन्ही भाच्यांना जीपमध्ये घालून शेताकडे गेले. बांध घालायचा होता आणि विहीर कुणाच्या हद्दीत येते ते बघायचं होतं. मला नेलं नाही. मला ऊस आणि जोंधळा यांतला फरक उंचीवरून कळतो, हे मामांना ठाऊक होतं.

जीपचा आवाज गेला आणि दोन्ही जावा समोर येऊन उभ्या राहिल्या.

"दाजी, ऑफिसची किल्ली तुमच्याकडं आहे ना?" मोठ्या वहिनी म्हणाल्या.

होती. ऑफिस म्हणजे गोदामाच्या टोकाची पत्र्याची खोली. वाटणी संपेपर्यंत तिला मामांनी कुलूप ठोकलं होतं. आत जुना कॉम्प्युटर होता, तो दादांच्या वाट्याला आलेला. शिवाय आण्णांनी स्वतःसाठी कोल्हापुरातून मागवलेला नवाही होता. दुकानदारानं तो नेहमीच्या पत्त्यावर टाकला, म्हणून तोही खोक्यासकट अडकला होता.

"किल्ली देतो, पण..."

"किल्ली नको. तुम्हीच उघडा आणि तुम्हीच बसा. पंचासमोर झालेलं बरं."

"काय न्यायचंय आतून?"

"न्यायचं काही नाही. हलवायचंय. जुन्यातनं नव्यात."

"हिशेब?"

"हिशेब कशाला? ते राहतील इथंच. आमचं जग आहे त्यात."

मी बहुधा तोंड उघडं ठेवून बघत असणार, कारण धाकट्या वनितावहिनी हसायला लागल्या. त्या सुकुमारआण्णांच्या पत्नी. हसणं आणि बोलणं एकाच वेळी करू शकायच्या.

"खेळ आहे हो दाजी! तो ठोकळ्यांचा. पोरं खेळतात की."

"मग पोरांचा आहे म्हणा ना."

"पोरांचा कुठला? पोरगा कधीच पुण्याला गेला. आमचा आहे."

दोघींनी मिळून नवं खोकं फोडलं, तारा जोडल्या, आणि मी टेबलाखाली बटण शोधत असताना मला सगळी कथा कळली. दादांचा मुलगा इंजिनिअरिंगला गेला तेव्हा खेळ जुन्या कॉम्प्युटरवर मागे राहिला. चातुर्मासात लग्नं नसतात. मंडप गोदामात पडून, दोघे भाऊ प्रवचनाला बस्तीत म्हणजे जैन मंदिरात, आणि दोघी जावा ऑफिसात, कुणी मंडप सांगायला आलं तर असावं म्हणून. कुणी येत नसे. एका दुपारी वनितावहिनींनी तो खेळ उघडला. अफाट माळ, चौकोनी झाडं, चौकोनी ढग. खणाल तिकडे माती, ठेवाल तिथे भिंत. त्या दुपारी दोघींनी मिळून एक छप्पर घातलं. ते गळतं का हे बघायला दुसऱ्या दिवशी परत आल्या. तेव्हापासून चार-पाच पावसाळे गेले होते.

मोठ्या वहिनी जुन्या कॉम्प्युटरपुढे बसल्या. "खेळाचं फोल्डर लपवलेलं असतं," त्या म्हणाल्या आणि दोन-तीन खिडक्या उघडून त्यांनी ते उघडं पाडलं. आत तीन जगं होती. पहिलं मुलाचं, "त्यात नुसते सुरुंगाचे खड्डे आहेत, ते राहू दे इथंच." दुसरं दोघी शिकत होत्या तेव्हाचं, गळक्या छपराचं. आणि तिसरं. त्याला नाव दिलेलंच नव्हतं. यंत्रानं आपल्या मनानं लावलेलं 'नवं जग' हेच होतं.

"नाव का नाही दिलं?"

"द्यायचं म्हटलं की वाद," वनितावहिनी म्हणाल्या. "ताईंना बस्तीवरनं हवं होतं, मला माझ्या माहेरच्या गावावरनं. म्हटलं, राहू दे."

दोन जगं पेन ड्राइव्हवर उतरायला लागली. हिरवी पट्टी सरकत होती, थांबत होती. जुन्या यंत्राला घाई कशाची ते माहीत नव्हतं.

"त्यात करता काय?" मी विचारलं. "माझे विद्यार्थी सांगतात, तलवारी असतात, भुतं असतात."

"असतात. आम्ही मारत नाही कुणाला," मोठ्या वहिनी पट्टीवरची नजर न काढता म्हणाल्या. "अंधार पडला की घरात शिरून दार लावायचं आणि णमोकार मंत्र म्हणायचा."

"आणि भुतं?"

"सकाळी उन्हानं जळतात. त्याला आमचा इलाज नाही."

"खायला गहू लावलाय," वनितावहिनी म्हणाल्या. "बटाटा पण लावता येतो त्यात. लावला नाही."

"खेळातसुद्धा?"

"खेळातला झाला म्हणून काय झालं? जमिनीखालचा तो जमिनीखालचाच की. आणि मेंढरं आहेत, लोकर कातरायला. त्यांना नावं देता येतात. सासूबाई आहेत, मामा आहेत. तुम्ही पण आहात."

"मी कसा आहे?"

"गरीब आहे. कुंपणाला टेकून उभा असतो दिवसभर."

पट्टी संपली. पेन ड्राइव्ह नव्या यंत्राला लावला, पुन्हा पट्टी, पुन्हा थांबत थांबत. अखेर नव्या पडद्यावरच्या यादीत दोन्ही जगं दिसली, बाजूला बोटाच्या नखाएवढं चित्र. मला मनापासून आनंद झाला. सकाळपासून मी जोड्या तुटताना बघत होतो. इथे पहिल्यांदाच कुणाचं काही तुटलं नव्हतं.

"झालं!" मी जाहीर केलं. "आता इकडेही पूर्ण, तिकडेही पूर्ण. कुणाचं काही कमी नाही. या यंत्राची हीच तर गंमत. सगळ्या वाटण्या अशा झाल्या असत्या तर जगात लढाया..."

"इकडचं काढा," मोठ्या वहिनी म्हणाल्या.

"काय काढू?"

"जुन्यातलं. दोन्ही. आणि पेन ड्राइव्हवरचं पण."

"वहिनी, मग तुमच्याकडं काय राहील?"

"काही नाही."

"अहो, एक प्रत राहू दे. जागा लागत नाही, भाडं लागत नाही. आणि तुम्हाला त्यांच्याकडं जाता येणार नाही. दादांनी सकाळी सांगितलं ते ऐकलंत ना?"

"ऐकलं. म्हणून तर काढायचं."

मी वनितावहिनींकडे बघितलं. हसणं थांबलं होतं. "ताई," त्या हळूच म्हणाल्या, "राहू दे ना एक इथं. तिकडं नाही उघडलं तर? निदान..."

"वनिता, मघाशी ठरलंय आपलं."

"ठरलंय खरं. पण मघाशी पुसायचं नव्हतं, नुसतं बोलायचं होतं."

"मग आधी उघडून तरी बघा तिकडं," मी म्हणालो. "चालतंय का एवढं."

"उघडलं की उठवत नाही. आणि जीप कधी पण येईल. दाजी, तुम्ही पंच आहात, तुमच्या हातानं काढा. उद्या कुणी उलटं बोलायला नको."

मी राज्यशास्त्रात सार्वभौमत्व शिकवलं होतं, पण ते बोटाच्या टोकाशी कधी आलं नव्हतं. मी दोन्ही फोल्डर निवडले आणि बटण दाबलं. यंत्रानं विचारलं, नक्की काढायचं का. मी वहिनींकडे बघितलं.

"विचारतंय ना? मग हो म्हणा की त्याला."

हो म्हटलं.

"कचऱ्याच्या पेटीतनं पण."

तिथूनही काढलं. पेन ड्राइव्हही पुसला. वनितावहिनींनी पदर तोंडाला लावला होता. मोठ्या वहिनींनी जुनं यंत्र बंद केलं, वरची धूळ पुसली, टेबल नीट लावलं, आणि मला म्हणाल्या, "लावा कुलूप."

दिवस कलायच्या बराच आधी सगळे घराच्या पुढच्या सोप्यात बसले. मामांच्या धोतराला काळी माती लागली होती, आणि दोन्ही भाचे घसा बसेपर्यंत भांडून आले होते. विहीर सुकुमारआण्णांच्या तुकड्यात येत होती. दादांचा ऊस पलीकडे, आणि त्याला पाणी त्याच विहिरीचं. आण्णा म्हणत होते, विहीर माझी. दादा म्हणत होते, विहीर बापानं दोघांसाठी काढली. मामांनी शेतातच निकाल दिला होता. तो त्यांनी मला लिहायला सांगितला.

"लिवा दाजी. विहीर वाटता येत न्हाई, म्हणून सामाईक. ज्याच्या रानात हाय त्यानं दुसऱ्याला जायला-यायला वाट द्यायची, हरकत घ्यायची न्हाई."

आण्णांनी मान वळवून घेतली. दादांनी पहिल्यांदाच पाय मोकळे सोडले.

"झालं? कुणाचं काय ऱ्हायलं?" मामांनी रिवाज म्हणून विचारलं. या प्रश्नाला कुणी उत्तर द्यायचं नसतं.

"माझं राहिलंय," आतल्या दारातून मोठ्या वहिनी म्हणाल्या.

सगळ्यांनी माना वळवल्या. वहिनी बाहेर आल्या आणि खाली, मामांच्या समोर बसल्या. त्यांच्या मागे वनितावहिनी.

"माझी आणि वनिताची एक मिळकत आहे. दोघींनी मिळून बांधलेली. तिची वाटणी झाली नाही."

"मिळकत?" दादा म्हणाले. "कसली मिळकत? दागिने?"

"जग आहे. कॉम्प्युटरातलं."

आण्णांनी कपाळाला हात लावला. दादांना आधी कळलंच नाही. कळलं तेव्हा ते इतक्या जोरात हसले, की मी घाबरलो. "मामा, ऐका! खेळ! पोरांच्या खेळाची वाटणी मागायला लागल्या बायका!"

मामा हसले नाहीत. वाटणीच्या बैठकीत ते कशालाच हसत नसत. "बांधलंय कुणी?"

"आम्ही दोघींनी."

"जागा कुणाची?"

वहिनींनी माझ्याकडे बघितलं. म्हणजे मी साक्षीदार होतो, हे मला तेव्हा कळलं. "जागा कुणाची नाही, मामा," मी म्हणालो. "तिथं जमीन चालू तितकी पुढं असते. संपत नाही."

"संपतच न्हाई?" मामा पुढे सरकले. "आनि सातबारा?"

"नाही."

"चांगलं गाव हाय," मामा म्हणाले. थोडा वेळ ते त्या गावात असावेत. मग परत आले. "त्येचं दोन तुकडं हुत्यात?"

"तुकडे होत नाहीत. दोन प्रती झाल्या असत्या, एक इकडं, एक तिकडं. पण आता नाही होणार."

"का न्हाई?"

"एकच राहिलंय. आण्णांच्या नव्या कॉम्प्युटरमध्ये. जुन्यातलं काढलं."

"कुणी?"

"मी," मी म्हणालो. "माझ्या हातानं."

मोठ्या वहिनी जमिनीकडे बघत होत्या. त्यांचा चेहरा तसाच होता, सकाळी चहा ठेवतानाचा. दुपारी मी नेमकं काय काढलं होतं, ते मला हे वाक्य तोंडातून गेल्यावर कळलं.

मामांनी मिशीवर बोट फिरवलं. "मंजे वस्तू एक. मालक दोन. वाटता येत न्हाई. आनि हाय ती एकाच्या हद्दीत." ते भूपालदादांकडे वळले. "मग ही विहीर झाली."

"विहीर कशी झाली?" दादा उठलेच. "विहिरीत पाणी असतं, मामा! उसाला लागतं! ह्याच्यात काय आहे?"

"त्यात काय हाय ते तिचं तिला ठावं. तुझ्या विहिरीत पानी किती ते मी इचारलं व्हय?"

"मी जाणं-येणं बंद म्हणून सांगितलंय! सगळ्यांसमोर सांगितलंय!"

सुकुमारआण्णा सोप्यात तेव्हा पहिल्यांदा बोलले. तेही मामांकडे बघून. "मामा, त्यांना सांगा, बंद म्हणजे बंद. माझी काही हरकत नाही. वहिनींना वाट नाही, तर विहिरीला पण नाही. एकाच मापानं मोजा."

दादांनी खांबाला धरलं. ऊस उभा होता, विहीर भावाच्या रानात होती, आणि बायको समोर मांडी घालून बसली होती. तिच्याकडे बघून ते म्हणाले, "तुला हेच करायचं होतं."

"मी काय केलं? तुम्हीच तर मागितली वाट, दुपारभर भांडून."

दादांनी खांब सोडला. मग मला म्हणाले, "लिहा."

मी लिहिलं. मजकूर मामांनी सांगितला, शब्द त्यांचेच: "नवे जग या नावाचे ठोकळ्यांचे जग, उभय जावांचे सामाईक, सुकुमार यांचे घरी राहील. रत्नप्रभा यांस तेथे दिवसा जाण्या-येण्याचा हक्क राहील, त्यास कोणी हरकत घेऊ नये." खाली सगळ्यांच्या सह्या. मी आयुष्यात नंतर बरंच लिहिलं, पण अंमलबजावणी झाली ती एवढ्याच मजकुराची.

आण्णांचं बिऱ्हाड नव्या घरात गेलं त्याच आठवड्यात मला पुन्हा बोलावणं आलं. वहिवाट चालू होताना पंच हजर पाहिजे, असं मामांचं म्हणणं. स्वतः ते आले नाहीत, दुसऱ्या कुणाचं तरी घर फोडायला गेले होते.

नवं घर गावाच्या पार दुसऱ्या टोकाला, पाण्याच्या टाकीपाशी. मोठ्या वहिनी माझ्याबरोबर चालत आल्या, बाजारपेठेतून, सगळ्या ओळखीच्या दुकानांसमोरून, डोक्यावरचा पदर नीट करून. निघताना दादांनी विचारलं होतं, "कुठं?" त्या म्हणाल्या होत्या, "लिहिलंय की."

आण्णा पुढच्या खोलीत वर्तमानपत्र वाचत होते. त्यांनी "या" म्हटलं आणि पुन्हा पेपरात गेले. कॉम्प्युटर स्वयंपाकघराला लागून असलेल्या खोलीत होता.

"उघडलंस?" मोठ्या वहिनींनी विचारलं.

"नाही. तुमच्याशिवाय कसं उघडू? रोज नुसती पुसतेय त्याला," वनितावहिनी म्हणाल्या. "ताई, नसलं तर?"

"बस."

दोघी दोन स्टुलांवर शेजारी शेजारी बसल्या. मी मागे उभा राहिलो. वनितावहिनींनी 'नवं जग' वर टिचकी मारली. पडदा काळा झाला, मग भुरका, मग एकदम ऊन पडलं.

माळ होता. गवत, दोन चौकोनी झाडं, लांब एक टेकाड. घर नाही, गहू नाही, मेंढरं नाहीत. खाली सामानाची रांग दिसते म्हणे, तीही रिकामी.

"ताई," वनितावहिनी म्हणाल्या. "सगळं गेलं. माझ्या गव्हाचं बी... दाजी, तुम्ही काढलंत ते आमचंच काढलंत!"

मी काही बोलणार एवढ्यात मोठ्या वहिनी पडद्याला नाक लावून म्हणाल्या, "थांब. ती दोन झाडं बघ. एकाला फांदी नाही."

"मग?"

"पहिल्या दिवशी तू तोडलीस ती. आपण उतरलो होतो तीच जागा आहे ही. जग आलंय. आपणच नव्यानं आलोय, म्हणून इथं उभं केलं आपल्याला."

"आणि घर?"

"घर टेकडीच्या पलीकडं. नदीच्या पण पलीकडं. चालल्याशिवाय कसं कळणार?"

"हातात काही नाही, ताई. रात्र झाली तर?"

"मग लवकर निघू. बघ तिकडं."

तेव्हा मला दिसलं. कळफलक मोठ्या वहिनींपुढे होता, माऊस वनितावहिनींच्या हातात. मोठ्या वहिनींची बोटं चालत होती, आणि फक्त चालतच होती. मान वळवणं, वर-खाली बघणं, झाड तोडणं, दगड उचलणं, हे सगळं वनितावहिनींच्या मनगटात.

"डावीकडं बघ."

"बघतेय. चला तुम्ही."

"दगड आला."

"फोडते. हं, चला. खड्डा आहे, उडी!"

"मारली."

एकच माणूस होता तो, दोघींनी मिळून चालवलेला.

"एकटीनं कधी खेळलात?" मी विचारलं.

"एकदा," मोठ्या वहिनी बोटं न थांबवता म्हणाल्या. "वनिता बाळंतपणाला माहेरी गेली होती. मला ते हाताचं जमत नाही, सगळं गरागरा फिरतं. नुसती चालत गेले. समोर भिंत आली. वर बघता येईना, बाजूला बघता येईना. भिंतीला नाक लावून उभी राहिले दुपारभर."

मी त्यांना त्या भिंतीची प्रत देऊ केली होती, मोठ्या आनंदानं. मी खुर्ची ओढून खाली बसलो.

टेकडी ओलांडली. नदी पोहून जाताना दोघींनी श्वास धरला. पलीकडे दाट झाडी आणि वाट दिसेना, तेव्हा वनितावहिनी परत रडवेल्या झाल्या. मोठ्या वहिनी म्हणाल्या, "रडायचं तर रड, पण हात हलव." दोनदा चुकल्या, दोनदा मागे आल्या. खिडकीबाहेर काय चाललंय याचं आमच्यापैकी कुणालाच भान नव्हतं. मग झाडीत एक दिवा दिसला. मग दुसरा. दिव्यांची रांग एका कुंपणापर्यंत गेली होती, आणि कुंपणाला टेकून एक मेंढरू उभं होतं. डोक्यावर तरंगत होतं: दाजी.

"आहे!" वनितावहिनी ओरडल्या. "आहे ताई, आहे! सासूबाई पण आहेत!"

मोठ्या वहिनींनी कळफलकावरून बोटं उचलली आणि ती पदराला पुसली, बराच वेळ.

बाहेर कुणीतरी खोकलं.

मी पुढे आलो. फाटकाबाहेर भूपालदादा उभे होते, घामेजलेले. चालत आले होते, कारण स्कूटर सुकुमारआण्णांच्या वाट्याला गेलेली. भावाशी बोलायचं नव्हतं, भावजयीशी बोलायची रीत नव्हती, आणि बायकोला त्यांनी जन्मात नावानं हाक मारली नव्हती. राहिलो मी.

"दाजी," ते म्हणाले, "तिला सांगा, दिवस बुडायला आलाय."

त्या घरात दिवस बुडल्यावर कुणी घास घेत नाही, हे मी लग्नापासून बघत आलोय. कुणाला दाखवायला म्हणून नव्हे, आजारपणातसुद्धा पाळतात. मी आकाशाकडे बघितलं. सूर्य पाण्याच्या टाकीच्या पायऱ्यांवर आला होता.

"घरी पोचेपर्यंत बुडेल," दादा म्हणाले. "उपाशी राहील ती रात्रभर. तिला म्हणावं, काही कळतंय का?"

मोठ्या वहिनी माझ्या मागे येऊन उभ्या होत्या. "मी इथं जेवते."

"जायचं-यायचं लिहिलंय," दादा मला म्हणाले. "जेवायचं लिहिलेलं नाही."

"जेवायचं नाही, असं पण लिहिलेलं नाही."

वनितावहिनी वाद ऐकायला थांबल्या नव्हत्या. आतून ताटाचा आवाज आला. पुढच्या खोलीत, दारासमोरच, त्यांनी पाट मांडला आणि वाढलं. भाकरी, दोडक्याची भाजी, मुगाची आमटी. मोठ्या वहिनींनी हात धुतले, बसल्या, आणि नवऱ्याच्या देखत भाकरीचा पहिला तुकडा मोडला.

मग वनितावहिनींनी शेजारी आणखी एक पाट मांडला. त्यावर ताट ठेवलं. ते कुणाचं, हे कुणी विचारलं नाही.

"तुम्ही जेवलात?" मी दादांना विचारलं.

"एकट्यानं कसं जेवणार?" ते चिडून म्हणाले.

ते सूर्याकडे बघत होते. मग आलेल्या रस्त्याकडे. मग ताटाकडे. सुकुमारआण्णांनी पेपरचं पान उलटलं आणि पेपरलाच सांगितलं, "फाटकाला कडी नाही. नुसतं लोटलंय."

टाकीच्या एका पायरीवरून सूर्य खालच्या पायरीवर आला. दादांनी फाटक ढकललं. पायरीशी वहाणा काढल्या, कोपऱ्यातल्या बादलीतलं पाणी पायांवर घेतलं, हात धुतले, आणि कुणाकडेही न बघता पाटावर येऊन बसले. वनितावहिनी वाडगं घेऊन वाकल्या.

"दाजी," ते ताटाकडे बघत म्हणाले, "त्यांना सांगा, मला आमटी कमी."

मी सांगितलं.